बडतर्फीचा कागद हातात पडण्याआधी : बाबांच्या केसमधून शिकलेलं

उंबरठा | 11 ऑगस्ट 2024, रात्री 10:40

गेल्या आठवड्यात मावसभावाचा फोन आला. एका नगरपालिकेच्या पाणीपुरवठा विभागात तो व्हॉल्व्हमन आहे, सतरा वर्षं झाली. म्हणाला, "ताई, आरोपपत्र आलंय. विनापरवानगी गैरहजेरी. सही करून घेतलं. चौकशी काय, ती ते त्यांच्या मनासारखीच करणार. काढलं तर कोर्टात जाऊ."

त्याचं शेवटचं वाक्य ऐकून माझ्या पोटात गोळा आला. पंचवीस वर्षांपूर्वी माझे बाबा अगदी हेच म्हणाले होते. त्याला फोनवर तासभर जे सांगितलं ते इथे लिहून ठेवते आहे. सरकारी, निमसरकारी नोकरीतल्या कुणाच्या तरी उपयोगी पडेल. संस्थेचं नाव लिहीत नाही, कुणी विचारू नये.

बाबा एका सार्वजनिक परिवहन उपक्रमात वाहक होते. मे 1999, लग्नसराई, गाडीत दाराच्या पायरीपर्यंत माणसं. बाबा मागून पुढे तिकिटं फाडत येत होते. मधल्याच थांब्यावर तपासणी पथक चढलं. पुढच्या भागात एका वऱ्हाडातले चार जण बिनतिकिटाचे निघाले. सात रुपयांप्रमाणे अठ्ठावीस रुपये. आरोप लागला : "भाडे घेऊन तिकीट दिले नाही, अपहार."

ज्यांनी ट्रे आणि तिकिटांचे गठ्ठे पाहिलेले नाहीत त्यांच्यासाठी सांगते. वाहक प्रत्येक टप्प्याला वेबिलावर, म्हणजे फेरीच्या हिशेबाच्या कागदावर, प्रत्येक किमतीच्या गठ्ठ्याचा चालू नंबर लिहितो. म्हणजे किती तिकिटं गेली आणि बॅगेत किती पैसे असायला हवेत, हे कुठल्याही क्षणी काढता येतं. बाबांनी त्या चौघांचे पैसे घेतले असते तर बॅगेत अठ्ठावीस रुपये जास्त निघाले असते. तपासनीसांनी तिथेच, लिंबाच्या झाडाखाली गाडी उभी करून, बॅग मोजली. रुपयाला रुपया जुळला. पण अहवालात रोकड मोजल्याचा शब्दही नव्हता. खाली छापील ओळ होती, "वरील मजकूर मान्य". बाबांनी सही केली. गाडीत सत्तर माणसं उकाड्यात ओरडत होती, बाबांना गाडी सोडायची घाई होती.

दुसरी चूक त्याहून मोठी. आगारातल्या एका जुन्या जाणत्यानं सांगितलं, "माफीनामा लिहून दे, साहेब सांभाळून घेतील." बाबांनी लिहिलं : "माझ्याकडून चूक झाली, पुन्हा होणार नाही, मुलाबाळांकडे पाहून माफ करावे." त्यांच्या मनात चूक म्हणजे तिकीट वेळेत फाडून झालं नाही ती. चौकशीत तोच कागद कबुलीजबाब म्हणून सगळ्यात वर लावला गेला.

चौकशी आगाराच्या जुन्या पार्सल खोलीत झाली. बाबा एकटे. पहिल्या दिवशी त्यांनी वेबिल मागितलं. चौकशी अधिकारी म्हणाले, "ते रेकॉर्डला आहे." बाबा गप्प बसले. मागणी कुठेच नोंदली गेली नाही. दुसऱ्या दिवशी तपासनीस आले, पाच मिनिटांत त्यांचा जबाब झाला. "उलटतपासणी घ्यायची का?" बाबा म्हणाले, "मी काय विचारणार साहेब." कागदावर उतरलं : "अपचाऱ्याने उलटतपासणी घेण्यास नकार दिला." अपचारी म्हणजे ज्याच्यावर आरोप आहे तो कर्मचारी; हा शब्द बाबांनी घरी येऊन आईला विचारला होता. मी तेव्हा अकरावीत होते, मला तो प्रसंग लख्ख आठवतो.

तिसऱ्या तारखेच्या आधी युनियनचे एक तरुण प्रतिनिधी घरी आले. त्यांनी वेबिलाच्या नकलेसाठी लेखी अर्ज करायला लावला आणि स्वतः आवक खिडकीवर उभं राहून कार्बन प्रतीवर निळा शिक्का मारून घेतला. नक्कल मिळाली नाहीच. ऑगस्ट 2000 मध्ये बडतर्फीचा आदेश आला, सोबत मागच्या दोन किरकोळ केसेसची यादी, ज्यांच्याबद्दल आरोपपत्रात अवाक्षर नव्हतं.

पण त्या निळ्या शिक्क्यावरच पुढची सगळी केस उभी राहिली. नव्वद दिवसांच्या आत कामगार न्यायालयात तक्रार केली. 2003 मध्ये कोर्टानं ठरवलं की मागितलेला कागद दिला नाही, म्हणून चौकशी न्याय्य नव्हती. मग व्यवस्थापनानं कोर्टासमोर नव्यानं पुरावा दिला. आमच्या वकिलांनी तपासनीसांना विचारलं, "रोकड मोजली होती का?" "हो." "किती भरली?" "वेबिलाप्रमाणे." एवढंच. हे दोन प्रश्न 1999 मध्ये पार्सल खोलीत विचारले गेले असते तर?

2005 ला निकाल : सेवासातत्यासह (मधला काळ नोकरीत खंड न धरता) कामावर घ्या, मागील पगार निम्मा. निम्माच का, तर माफीनामा. पुढे औद्योगिक न्यायालयात रिव्हिजन (निकालाच्या फेरतपासणीचा अर्ज), मग उच्च न्यायालय. बाबा जानेवारी 2008 मध्ये पुन्हा कामावर रुजू झाले.

तर ज्यांच्या हातात आज आरोपपत्र आहे त्यांना हात जोडून सांगते, कोर्ट पुढे बघू असं म्हणू नका. कोर्टात न्यायाचा कागद चौकशीच्या खोलीतूनच जातो. तोंडी काहीही मागू नका. प्रत्येक मागणी लेखी, आवक शिक्क्यासह. शिक्का देत नसतील तर पोचपावतीसह पोस्टानं, आणि ती पोचपावती जपून ठेवा. आईनं आमची रजिस्टर पोस्टाची सगळी गुलाबी कार्डं शिवणाच्या डब्यात रिळांखाली ठेवली होती. चौकशीच्या रोजनाम्यावर (त्या दिवशीच्या कामकाजाच्या नोंदीवर) सही करण्याआधी शब्द न् शब्द वाचा, चुकीचं लिहिलं असेल तर सहीच्या वर "हरकत आहे, मी असे म्हटलेले नाही" असं स्वतःच्या हातानं लिहा. बचावासाठी सहकारी मिळतो, तो मागा. आणि माफीनामा, कुणीही कितीही मायेनं सांगितलं तरी, वकिलाला किंवा जाणत्या प्रतिनिधीला दाखवल्याशिवाय देऊ नका.

जाणकारांनी भर घालावी, चुकलं असेल तर दुरुस्त करावं.

---

चैत्रपालवी | 11 ऑगस्ट 2024, रात्री 11:25

उंबरठा, वाचून सुन्न झाले. "मी काय विचारणार साहेब" हे वाक्य माझ्या सासऱ्यांचंही असू शकलं असतं. ते जिल्हा परिषदेत होते.

एक प्रश्न. सगळ्यांनाच कामगार न्यायालय का? आमच्याकडे कुणी मॅट म्हणतं, कुणी हायकोर्ट. नेमकं कुठं जायचं असतं?

---

वकील_मराठवाडा | 12 ऑगस्ट 2024, सकाळी 8:10

दार चुकलं की दोन-तीन वर्षं सहज जातात, म्हणून थोडं सविस्तर.

थेट राज्य शासनाचा कर्मचारी असेल तर त्याला राज्यघटनेच्या अनुच्छेद 311 चं संरक्षण आहे. नेमणूक करणाऱ्यापेक्षा खालचा अधिकारी त्याला बडतर्फ करू शकत नाही, आणि आरोप कळवून, चौकशी करून, म्हणणं मांडायची वाजवी संधी दिल्याशिवाय काढता येत नाही. अपवाद तीन : फौजदारी शिक्षा झाली असेल, चौकशी करणं व्यवहार्य नाही अशी कारणं लेखी नोंदवली असतील, किंवा राज्याच्या सुरक्षिततेचा प्रश्न असेल. चौकशीची पद्धत महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, 1979 मध्ये आहे, मोठ्या शिक्षेसाठी नियम 8 वाचा. आधी खात्यात अपील, मग महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट : मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचं औरंगाबाद). मुदत साधारण एक वर्ष. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे कॅट. दोन्हीचा पाया 1985 चा प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा. 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर या न्यायाधिकरणांच्या निर्णयाला उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे आव्हान देता येतं, त्याआधी थेट उच्च न्यायालयात गेलात तर परत पाठवतात.

चैत्रपालवी, जिल्हा परिषदेचा कर्मचारी मॅटमध्ये जात नाही. त्याचे शिस्त व अपील नियम वेगळे, 1964 चे. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याच्या आदेशावर विभागीय आयुक्तांकडे अपील आणि पुढे उच्च न्यायालयात रिट याचिका.

महामंडळं, सरकारी कंपन्या, सरकारी बँका यांना 311 लागू नाही. पण ती अनुच्छेद 12 खाली 'राज्य' आहेत, त्यामुळे मनमानी केली तर समानतेचे अनुच्छेद 14 आणि 16 आडवे येतात. 1975 च्या सुखदेव सिंग निकालात ओएनजीसी, एलआयसी आणि औद्योगिक वित्त महामंडळाच्या सेवा विनियमांना कायद्याचं बळ आहे असं ठरलं. 1986 मध्ये सेंट्रल इनलँड वॉटर ट्रान्सपोर्टच्या केसमध्ये 'तीन महिन्यांची नोटीस द्या आणि कारण न सांगता काढा' हा नियमच रद्द झाला. पुढे दिल्ली परिवहन महामंडळाच्या खटल्यात घटनापीठानंही तीच दिशा कायम ठेवली.

आणि जे 'कामगार' या व्याख्येत बसतात (वाहक, चालक, मेकॅनिक, व्हॉल्व्हमन) त्यांच्यासाठी महाराष्ट्रात 1971 चा अनुचित कामगार प्रथांचा कायदा आहे. कोर्टात सगळे त्याला यूएलपी म्हणतात. त्याच्या चौथ्या अनुसूचीतली पहिली बाब प्रत्येकानं वाचावी : सूडबुद्धीनं काढणं, उघड खोट्या कारणावरून काढणं, रजेशिवाय गैरहजेरीचे रचलेले आरोप, नैसर्गिक न्याय धाब्यावर बसवून किंवा अवाजवी घाईनं केलेली चौकशी, आणि किरकोळ गैरवर्तनाला धक्कादायक मोठी शिक्षा. मुदत नव्वद दिवस. उशीर सबळ कारण असेल तर माफ होतो, पण त्या अर्जावरच वर्ष जातं. राज्याच्या अखत्यारीतल्या उद्योगांना हा कायदा आहे, केंद्राच्या उपक्रमांसाठी 1947 चा औद्योगिक विवाद कायदा होता (नोव्हेंबर 2025 पर्यंत, आता औद्योगिक संबंध संहिता). एकच तक्रार दोन्ही कायद्यांखाली चालवता येत नाही.

उंबरठा, तुमच्या मावसभावाला सांगा, पालिकेचा पाणीपुरवठा 'उद्योग' आहे का हा वाद जुनाच आहे आणि तो 1960 मध्येच नागपूर महापालिकेच्या केसमध्ये सर्वोच्च न्यायालयानं कामगारांच्या बाजूनं सोडवलेला आहे. शिवाय बडतर्फी होईपर्यंत थांबायलाच हवं असंही नाही. 1995 च्या हिंदुस्थान लिव्हर विरुद्ध अशोक विष्णू काटे निकालानं सांगितलं की सूडबुद्धीनं चौकशी सुरू झाली असेल तर अंतिम आदेशाआधीही यूएलपी तक्रार टिकते. मात्र नुसतं आरोपपत्र चुकीचं वाटतं म्हणून कोर्ट सहसा हात घालत नाही, हेही लक्षात असू द्या.

---

निवृत्त_तपासनीस | 12 ऑगस्ट 2024, दुपारी 1:35

मी एकतीस वर्षं परिवहन खात्यात होतो, त्यातली चौदा मार्ग तपासणीवर. ताईंच्या वडिलांवर अन्याय झाला हे मला पहिल्या परिच्छेदातच कळलं, कारण बॅग मोजून आकडा न लिहिणं हे कुठल्याही तपासनीसाला शोभणारं नाही. आम्हाला शिकवलं होतं की रोकड आधी, जबाब नंतर.

पण दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. खरा अपहार होतो. रोज थोडा थोडा होतो आणि तोट्यातल्या फेऱ्या बंद पडतात तेव्हा भोगतं गाव. प्रवासी जबाब देत नाहीत, त्यांना पुढची गाडी पकडायची असते. सर्वोच्च न्यायालयानं 1977 च्या हरियाणा विरुद्ध रतनसिंग निकालात हे ओळखलं. भरारी पथकाला अकरा प्रवासी पैसे देऊन बिनतिकिटाचे सापडले होते, एकाचाही जबाब नव्हता, तरी बडतर्फी टिकली. न्यायालय म्हणालं, खात्यांतर्गत चौकशीत पुरावा कायद्याचे काटेकोर नियम लागत नाहीत, विश्वासार्ह असा काही पुरावा असला की पुरे. त्यानंतर कर्नाटकच्या वाहकांच्या कितीतरी केसेसमध्ये रक्कम लहान आहे म्हणून दया दाखवू नका असंच सांगितलं गेलं आहे.

म्हणून वाहक बांधवांनी "फक्त अठ्ठावीस रुपये" या मुद्द्यावर केस उभी करू नये. ती पडते. वेबिल आणि रोकड यांचा हिशेब मांडावा.

---

उंबरठा | 12 ऑगस्ट 2024, रात्री 9:50

काका, तुमचे मनापासून आभार. तुमच्यासारखा माणूस त्या दिवशी पथकात असता तर आमची आठ वर्षं वाचली असती.

रतनसिंगचा निकाल समोरच्या वकिलांनी आमच्यावरही वापरला होता. आमचे वकील म्हणाले, तिथल्या प्रवाशांनी पैसे दिले होते, इथे तेच तर शाबीत व्हायचं आहे. पैसे घेतले असते तर ते बॅगेत दिसले असते. तिकीट राहिलं हा निष्काळजीपणा, पैसे घेतले हा अपहार. आरोपपत्रात दुसरा होता आणि पुरावा जेमतेम पहिल्याचा. आरोपपत्रातला शब्द आणि पुरावा यांत असं अंतर आहे का, हे प्रत्येकानं तपासावं.

---

खडीसाखर | 13 ऑगस्ट 2024, दुपारी 3:05

निर्वाह भत्त्याबद्दल, म्हणजे निलंबनाच्या काळात पगाराऐवजी मिळणाऱ्या रकमेबद्दल, कुणीच लिहिलं नाही म्हणून लिहिते. माझे पती एका सरकारी उपक्रमात निलंबित होते, दोन वर्षं तीन महिने. माणूस चौकशीत हरत नाही, तो त्याच्या आधी घरी हरतो. किराणा उधारीवर, मुलीची फी थकलेली, आणि चौकशी दीडशे किलोमीटर लांब. प्रत्येक तारखेला जायचं कशानं?

त्या काळात एका निकालानं आम्हाला धीर दिला. कॅप्टन पॉल अँथनी, भारत गोल्ड माइन्स, म्हणजे कोलारच्या सोन्याच्या खाणी. अँथनी तिथे सुरक्षा अधिकारी. 1985 मध्ये घरावर छापा पडला, सोन्याचा छोटा गोळा आणि सोनं असलेली वाळू सापडली असा आरोप. निलंबन झालं, निर्वाह भत्ता दिला नाही. ते केरळात गावी गेले होते, चौकशीला यायला पैसे नव्हते, आजारी होते, तसं त्यांनी कळवलंही. चौकशी त्यांच्या गैरहजेरीत उरकली आणि 1986 मध्ये बडतर्फ केलं. पुढच्याच वर्षी फौजदारी कोर्टानं त्यांना निर्दोष सोडलं, छापा आणि जप्तीच शाबीत झाली नाही. तोच छापा, तेच साक्षीदार, तरी बडतर्फी कायम. सर्वोच्च न्यायालयानं 1999 मध्ये ती रद्द केली आणि स्पष्ट सांगितलं की निलंबनात माणूस नोकरीतच असतो, भत्ता न देऊन त्याला उपाशी ठेवलं आणि त्यामुळे तो चौकशीला येऊ शकला नाही तर ती चौकशीच दूषित होते.

आपल्या महाराष्ट्रातला निकाल तर त्याआधीचा, 1983 चा, चंद्रभान ताले. खालच्या कोर्टात शिक्षा झालेल्या आणि अपील चालू असलेल्या निलंबित कर्मचाऱ्याला दरमहा एक रुपया निर्वाह भत्ता, असा नियम होता. एक रुपया! सर्वोच्च न्यायालयानं तो रद्द केला.

माझ्या यजमानांनी प्रत्येक तारखेआधी एक ओळीचं पत्र पाठवलं : "निर्वाह भत्ता मिळालेला नाही, प्रवासखर्च नाही, तारीख पुढे ढकलावी." सात पत्रं झाली. आठव्या तारखेआधी भत्त्याचा धनादेश आला.

---

वकील_मराठवाडा | 13 ऑगस्ट 2024, रात्री 8:30

खडीसाखर, ती सात पत्रं म्हणजे उत्तम वकिली आहे, तुमच्या यजमानांना नमस्कार सांगा.

आकडे देतो. स्थायी आदेशांच्या 1946 च्या कायद्याखाली (तो नोव्हेंबर 2025 पर्यंत होता) कामगाराला पहिले नव्वद दिवस पगाराच्या 50 टक्के आणि त्यानंतर, विलंब त्याच्यामुळे नसेल तर, 75 टक्के. पुष्कळ ठिकाणी तो पन्नासावरच अडकून राहतो कारण कुणी अर्ज करत नाही. अर्ज करा. शासकीय कर्मचाऱ्यांसाठी निलंबनाबाबत 2015 चा अजयकुमार चौधरी निकाल पाहा : तीन महिन्यांत आरोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे ओढता येत नाही.

आणखी एक कागद लोक विसरतात, तो म्हणजे चौकशी अहवाल. शिक्षा ठरवण्याआधी त्याची प्रत मिळणं हा तुमचा हक्क आहे, 1990 च्या रमझान खान आणि 1993 च्या करुणाकर निकालांपासून. त्यावर मुद्देसूद उत्तर द्या. कोर्ट पुढे हेच उत्तर वाचतं. आणि मागच्या केसेस शिक्षेसाठी धरायच्या असतील तर त्या आधी तुम्हाला सांगायला हव्यात. बाबांच्या आदेशात ती यादी अचानक आली, हा मुद्दा तुमच्या वकिलांनी घेतला असेलच.

---

रानमेवा | 14 ऑगस्ट 2024, सकाळी 7:15

वाचनखूण साठवली. आमच्या कार्यालयाच्या ग्रुपवर पाठवतो आहे.

पण आम्हा कंत्राटी लोकांचं काय? मी नऊ वर्षं अकरा-अकरा महिन्यांच्या आदेशावर आहे. मागच्या महिन्यात सहकाऱ्याला "उद्यापासून येऊ नको" एवढंच सांगितलं. आरोपपत्र नाही, चौकशी नाही. आम्हाला तर पार्सल खोलीही नशिबात नाही.

---

वकील_मराठवाडा | 14 ऑगस्ट 2024, दुपारी 2:20

रानमेवा, तुमची अडचण खरी आहे आणि कायदा इथे नियमित कर्मचाऱ्याइतका भक्कम नाही. 2006 च्या उमादेवी निकालानंतर नुसती वर्षं मोजून कायम करा असं मागता येत नाही. पण सगळंच संपलेलं नाही.

बारा महिन्यांत 240 दिवस भरलेल्या कामगाराला काढताना औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम 25एफ प्रमाणे (हा कायदा नोव्हेंबर 2025 पर्यंत होता) एक महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार आणि प्रत्येक पूर्ण वर्षामागे पंधरा दिवसांच्या सरासरी पगाराइतकी भरपाई काढतानाच द्यावी लागत असे. मुदत संपली म्हणून आदेश वाढवला नाही असा बचाव येईल, तो खरा की देखावा हे कोर्ट तपासतं. आदेशात किंवा त्यामागे गैरवर्तनाचा ठपका असेल तर चौकशीशिवाय काढता येत नाही, मग माणूस तात्पुरता असो की परिविक्षाधीन (प्रोबेशनवरचा).

आणि वर्षानुवर्षं माणसं तात्पुरती ठेवून कायमपणाचे फायदे नाकारणं, ही यूएलपी कायद्याच्या चौथ्या अनुसूचीतली सहावी बाब आहे. एसटी महामंडळातल्या सफाई कामगारांसाठी कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना लढली. सर्वोच्च न्यायालयानं 2009 मध्ये सांगितलं की उमादेवीमुळे औद्योगिक न्यायालयाचा हा अधिकार जात नाही. बस धुणाऱ्या, झाडणाऱ्या माणसांनी मिळवलेला निकाल आहे तो. मी प्रत्येक नव्या ज्युनियरला पहिल्यांदा तोच वाचायला देतो.

तुमच्या सहकाऱ्याला हजेरीपत्रकाचे फोटो, बँकेत जमा झालेल्या पगाराची नोंद, ओळखपत्र, जे असेल ते आजच गोळा करायला सांगा. उद्या गेटच्या आत सोडणार नाहीत.

---

चैत्रपालवी | 14 ऑगस्ट 2024, रात्री 10:05

एसटीचा विषय निघालाच आहे म्हणून. 2021-22 च्या संपात कितीजणांना निलंबित, बडतर्फ केलं होतं. आमच्या गल्लीतले दोघे होते. उच्च न्यायालयानं एप्रिल 2022 मध्ये 22 तारखेपर्यंत कामावर हजर व्हा आणि महामंडळानं त्यांना परत घ्यावं असं सांगितलं, तेव्हा त्या दोघांच्या घरी खूप दिवसांनी रेडिओ वाजला होता. सगळ्यांनाच इतक्या लवकर सुटका मिळत नाही, हे उंबरठाचा अनुभव वाचून जास्त कळतं.

मागील पगाराचं नीट समजलं नाही. निर्दोष ठरलं तर पूर्ण का मिळत नाही?

---

वकील_मराठवाडा | 15 ऑगस्ट 2024, सकाळी 10:40

मिळायला हवा. यावरचा आजचा आधार आपल्या औरंगाबादच्याच एका शिक्षिकेनं मिळवला, दीपाली सुरवसे. परवाच, 12 ऑगस्टला, त्या निकालाला अकरा वर्षं झाली. शाळा खाजगी होती, पण तत्त्व सगळीकडे लागू होतं. महापालिकेचा कर भरायला कर्मचाऱ्यांनी दरमहा पैसे द्यावेत ही व्यवस्थापनाची मागणी त्यांनी नाकारली. मग मेमोमागून मेमो, निलंबन, 2007 मध्ये बडतर्फी. शाळा न्यायाधिकरणानं पूर्ण पगारासह परत घ्यायला सांगितलं, उच्च न्यायालयानं पगार काढून टाकला, सर्वोच्च न्यायालयानं तो परत दिला. चुकीची बडतर्फी ठरली तर सेवासातत्य आणि मागील पगार हा सर्वसाधारण नियम आहे, असं तिथे स्पष्ट झालं.

त्यातली व्यवहाराची गोष्ट अशी : तुम्ही दुसरीकडे लाभाच्या नोकरीत नव्हता, हे अर्जात आणि शपथेवर सांगायलाच हवं. सांगितलं की खोडून काढायची जबाबदारी मालकावर जाते. न सांगता राहिलं तर पगार कापायला आयतं निमित्त मिळतं.

---

उंबरठा | 15 ऑगस्ट 2024, रात्री 9:15

हे आम्ही अनुभवलं. बडतर्फीच्या काळात बाबा मामाच्या किराणा दुकानात संध्याकाळी बसायचे. मामा पगार देत नव्हता, महिन्याचं धान्य द्यायचा. समोरच्यांनी एका शिपायाला साक्षीला आणलं, "यांना तराजूत तांदूळ मोजताना पाहिले." बाबांना त्या दिवशी जितकं अपमानास्पद वाटलं तितकं बडतर्फीच्या दिवशीही वाटलं नव्हतं. वकिलांनी फक्त एवढं विचारलं, "ते तांदूळ कोण घेऊन गेलं?" शिपाई म्हणाला, "त्यांनीच, पिशवीतून." न्यायाधीशांनी ते उत्तर लिहून घेतलं.

---

निवृत्त_तपासनीस | 16 ऑगस्ट 2024, दुपारी 12:10

ताई, मावसभावाच्या चौकशीला सोबत हवी असेल तर सांगा. बचाव सहायक त्याच आस्थापनेचा किंवा युनियनचा लागतो, मी बसू शकणार नाही. पण आदल्या दिवशी उलटतपासणीचे प्रश्न काढून द्यायला येईन. मी कितीतरी वेळा साक्षीदाराच्या खुर्चीत बसलोय. कुठल्या प्रश्नाला घाम फुटतो ते मला माहीत आहे.

---

उंबरठा | 8 सप्टेंबर 2024, रात्री 10:30

धागा वर काढते आहे, थोडी बातमी द्यायला.

काका खरंच आले. सकाळच्या गाडीनं आले, मावशीकडे जेवले आणि चार तास भावाला समोर बसवून प्रश्न काढले. गैरहजेरीचे एकोणीस दिवस. त्यातले अकरा दिवस त्याची बायको प्रसूतीनंतर अत्यवस्थ होती, आणि पहिल्याच दिवशी त्यानं मुकादमाला फोन केला होता. काकांचा पहिला प्रश्न होता, "पंपहाऊसवर लॉगबुक असतं ना? फोन आल्याची नोंद कोण करतं?" भावाला हे सुचलंच नव्हतं.

वकीलसाहेबांनी सांगितल्याप्रमाणे 2012 च्या कृष्णकांत परमार निकालाचा उल्लेख उत्तरात केला : गैरहजेरी हेतुपुरस्सर होती हे दाखवल्याशिवाय ती गैरवर्तन ठरत नाही.

परवा पहिली तारीख झाली. त्यानं लॉगबुकाची नक्कल लेखी मागितली. चौकशी अधिकारी म्हणाले, "देऊ की, लिहून कशाला?" तो म्हणाला, "साहेब, रोजनाम्यात नोंद घ्या, एवढीच विनंती." घेतली. संध्याकाळी त्यानं मला फोटो पाठवला, अर्जाची प्रत, कोपऱ्यात आवक शिक्का. शिक्का आता जांभळा असतो. बाबांना मोबाइलवर दाखवला, त्यांनी चष्मा लावून तारीख वाचली, मग आवक क्रमांक मोठ्यानं वाचला आणि म्हणाले, "त्याला सांग, दोन झेरॉक्स काढ, एक मावशीकडे ठेव."

पुढची तारीख 24 सप्टेंबर. मुकादमाची साक्ष आहे.